विकणाऱ्याला ठाऊक असतं

(युवा अभ्यासवर्गात केलेल्या भाषणाचा मजकूर)



सुरुवातीलाच सांगतो, मी वकील नाही. इंजिनिअरिंग केलं, बारा वर्षं सॉफ्टवेअरमध्ये काम करतोय, कोंढव्यात राहतो. घर विकणाऱ्याने घरातला लपलेला दोष घेणाऱ्याला सांगितला पाहिजे, असं आपला कायदा म्हणतो. त्यावर बोलायला मला बोलावलंय. हे कलम मी अभ्यासाच्या हौसेने शोधलं नाही. आमचं स्वतःचं घर विकायला निघालं तेव्हा शोधावं लागलं. म्हणून आधी घर सांगतो, मग कलम.

सातारा जिल्ह्यातल्या एका तालुक्याच्या गावी माझ्या आजोबांचं घर होतं. रस्त्याला लागून पडवी, आत दोन खोल्या आणि मागे १९९८ साली वाढवलेली एक खोली. या मागच्या खोलीखाली आड आहे. पूर्वी तो अंगणात होता. नळ आला, पाणी शेंदणं बंद झालं, तेव्हा त्यात विटांचे तुकडे, माती, पडलेल्या भिंतीचा राडारोडा ढकलून तो बुजवला आणि जागा वाया कशाला घालवायची म्हणून वर खोली बांधली. दर दोन-तीन पावसाळ्यांनी तिथली फरशी खचते. मग फरशी उचलायची, मुरूम टाकायचा, धुमसायचं, पुन्हा बसवायची. लहानपणी हे काम म्हणजे आम्हा भावंडांना सणच वाटायचा. मोहल्ल्यात शेंबड्या पोरालाही तो आड माहीत आहे. पण बाहेरून आलेल्या माणसाला तो दिसणार कुठून? विकायला काढण्यापूर्वी आम्ही तिथे चकचकीत टाइल्स बसवल्या होत्या.

घरात आणखी एक गोष्ट होती, ती मात्र टाइल्सखाली नव्हती. आजोबा १९९४ साली वारले. आजी त्यांच्या आधीच गेली होती. मागे चार मुलं राहिली : माझे अब्बा, चाचा आणि दोन फुफी. नगर भूमापन कार्यालयात वारस नोंदीचा अर्ज गेला त्यात दोनच नावं होती, अब्बांचं आणि चाचांचं. मिळकत पत्रिकेवर तीच दोन नावं चढली. फुफींना कुणी विचारलं नाही, त्यांनीही काही विचारलं नाही. ईदला यायच्या, शिरखुर्मा प्यायच्या, जायच्या. इथे बसलेल्यांपैकी किती जणांच्या घरी असंच झालंय, हे मी हात वर करायला सांगून विचारणार नाही.

२०२३ साली घर विकायचं ठरलं. गिऱ्हाईक मिळालं, एक शिक्षक. बदली होऊन आमच्या गावी आलेला, बायको आणि दोन लहान मुलं. किंमत ठरली ४८ लाख. त्याने २ लाख विसार दिला. आपल्या लोकांना घर बघायला गेल्यावर नाव सांगितलं की जागा एकदम ‘आत्ताच गेली’ होते, हे तुम्हाला मी सांगायला नको. तो शिक्षकही आपल्यातलाच. आठ-दहा ठिकाणी फिरून आलेला होता. अशा माणसाचं काय होतं बघा. घर मिळतंय याचाच आनंद इतका असतो की मिळालेल्या घराबद्दल प्रश्न विचारायची हिंमत होत नाही. विचारलं आणि मालक बिनसला तर? त्याने आमच्या घरी येऊन चहा घेतला, भिंतींवर हात फिरवला, नळ सोडून बघितला आणि ‘छान आहे’ म्हणाला.

एजंटने साठेखताचा मसुदा व्हॉट्सॲपवर पाठवला. अब्बांना बारीक अक्षर वाचवत नाही म्हणून तो माझ्याकडे आला. त्यात, असतं तसं, एक वाक्य होतं : सदर मिळकत निर्वेध असून लिहून देणार यांच्याखेरीज तीत अन्य कोणाचाही हक्क, हितसंबंध नाही. सोबत दोघा भावांनी करून द्यायचं प्रतिज्ञापत्र, आमच्याशिवाय दुसरे वारस नाहीत असं.

मी ते वाचलं आणि मोबाइल बाजूला ठेवला. त्यानंतर तीन आठवडे मी एक शब्द बोललो नाही. तुमच्यासमोर उगाच साळसूदपणा करायला नको म्हणून हे सांगतोय. अब्बांच्या वाट्याला येणाऱ्या २४ लाखांतून माझ्या कोंढव्यातल्या फ्लॅटचं बरंचसं कर्ज फिटणार होतं. हिशेब करून झालेला होता.

या तीन आठवड्यांत मी वाचत मात्र होतो.

आपल्याकडे मालमत्ता हस्तांतरण अधिनियम आहे, १८८२ सालचा. त्याचं कलम ५५. विकणाऱ्याने काय करायचं आणि घेणाऱ्याने काय करायचं हे त्यात लिहिलंय. विकणाऱ्याच्या जबाबदाऱ्यांमधली पहिलीच ही आहे : मालमत्तेत किंवा आपल्या मालकी हक्कात जो महत्त्वाचा दोष विकणाऱ्याला माहीत आहे, घेणाऱ्याला माहीत नाही आणि सर्वसाधारण काळजी घेऊनही घेणाऱ्याला सापडणार नाही, तो विकणाऱ्याने सांगितला पाहिजे. सरळ माझ्या शब्दांत सांगितलं, पण अर्थ एवढाच आहे. पुढे त्याच कलमात असंही म्हटलंय की हे न सांगणं म्हणजे कपट, फसवणूक.

यातला प्रत्येक तुकडा आमच्या घराला लावून बघा. समोरच्या भिंतीला तडा आहे, तो डोळ्यांना दिसतो. तो सांगायची सक्ती नाही. बघणं हे घेणाऱ्याचं काम. मागच्या खोलीखालचा आड मात्र कुणी कितीही निरखून पाहिलं तरी दिसत नाही. टाइल्स उचकटून बघा असं कायदा घेणाऱ्याला सांगत नाही. घर घ्यायचं की नाही, किंवा केवढ्याला घ्यायचं, हा निर्णय त्या माहितीने बदलू शकतो, म्हणून दोष महत्त्वाचा. आणि आम्हाला तो माहीत आहे. एखादा दोष विकणाऱ्यालाच माहीत नसेल तर हे कलम त्याला धरत नाही. ते धरतं ते माहीत असून गप्प बसणाऱ्याला.

इंग्लंडमध्ये घराच्या बांधकामातल्या दोषांबाबत परंपरेने घेणाऱ्यानेच सावध राहायचं असतं. आपल्याकडचा कायदा इंग्रजांनीच लिहिला, पण त्यात ‘मालमत्तेत किंवा मालकी हक्कात’ असे दोन्ही शब्द घातले. मला हे फार आवडलं. भिंतही आली आणि कागदही आला.

एरवी करारात नुसतं गप्प राहणं म्हणजे फसवणूक नव्हे, असं १८७२ चा करार कायदा सांगतो. तुम्ही जुनी मोटारसायकल विकताना तिचे सगळे गुण-दोष वाचून दाखवायला बांधील नसता. पण जिथे बोलणं हे कर्तव्य आहे, तिथे मौनही फसवणूक ठरतं, हेही तोच कायदा सांगतो. जमीन-घराच्या व्यवहारात ते कर्तव्य कलम ५५ ने विकणाऱ्यावर टाकलंय. मग अशी विक्री घेणारा रद्द करून मागू शकतो, नुकसानभरपाई मागू शकतो. बरं, मुदत संपली म्हणून आपण सुटलो असंही नाही. फसवणुकीच्या बाबतीत मुदत मोजायला सुरुवात होते ती फसवणूक कळल्यापासून, किंवा योग्य काळजी घेतली असती तर कळली असती तेव्हापासून.

हे फक्त भामट्यांना लागू आहे असं वाटत असेल तर सर्वोच्च न्यायालयाचा २००९ सालचा एक निकाल सांगतो. हरियाणाच्या वित्त महामंडळाने, म्हणजे सरकारी संस्थेने, कर्ज थकलेला एक कारखाना विकायला काढला. ज्याची बोली मान्य झाली त्याने पैसे भरले आणि मग त्याला कळलं की कारखान्यात जायला धड स्वतंत्र रस्ताच नाही. त्याने उरलेली रक्कम थांबवली. महामंडळाने भरलेले पैसे जप्त केले. न्यायालयाने कलम ५५ वर बोट ठेवलं : रस्ता नाही हे सांगणं तुमचं काम होतं, ते केलं नाहीत, पैसे परत करा. ‘जसं आहे तसं, जिथे आहे तिथे’ असं लिहून घेतलं की झालं, हा आपल्या एजंट लोकांचा आवडता समज आहे. कलमाच्या सुरुवातीला ‘वेगळा करार नसेल तर’ असे शब्द आहेत, ते खरं. पण माहीत असलेला दोष दडवून ठेवायचा आणि वर असं वाक्य टाकायचं, याला तो वेगळा करार म्हणत नाहीत.

बिल्डरकडून नवीन फ्लॅट घेणाऱ्यांसाठी दोन वाक्यं. २०१६ च्या रेरा कायद्याप्रमाणे ताबा मिळाल्यापासून ५ वर्षांत बांधकामाचा दोष दाखवून दिलात तर बिल्डरने ३० दिवसांत फुकट दुरुस्त करून द्यायचा असतो. जुन्या घराच्या विक्रीत, माणसाने माणसाला विकलेल्या घरात, बिल्डर नसतो म्हणून ते संरक्षण नसतं. तिथे हे दीडशे वर्षं व्हायला आलेलं कलम ५५ आणि दिवाणी न्यायालय एवढंच. दिवाणी न्यायालयाचा वेग तुम्हाला ठाऊक आहे. म्हणून विकणाऱ्याने आधीच बोलणं याला इतकी किंमत आहे.

तर, तीन आठवड्यांनी मी गावी गेलो. रात्री जेवणं झाल्यावर अब्बा आणि चाचा पडवीत बसले होते. मी म्हटलं, त्या शिक्षकाला आडाचं सांगायला पाहिजे. चाचा लगेच म्हणाले, ‘‘सांगून टाक. असला पैसा हजम होत नाही.’’ आणि त्यांनी धान्याच्या ढिगाची गोष्ट सांगितली. तुम्हीही लहानपणी ऐकली असेल. पैगंबर बाजारातून जाताना ढिगात हात घालून बघतात, आतलं धान्य ओलं लागतं, आणि विकणाऱ्याला विचारतात, हे वर का नाही ठेवलंस, लोकांना दिसलं असतं. चाचांना ही गोष्ट पाठ आहे. माल घेतल्यावर दोष निघाला तर परत करायचा हक्क असतो, त्याला खियार-ए-ऐब म्हणतात, हेही त्यांनीच मला सांगितलं.

मी म्हटलं, ‘‘आणि फुफींचं?’’

दोघेही गप्प. मग अब्बा म्हणाले, त्याचा इथे काय संबंध?

मला वाटतं, आजच्या विषयाचा गाभा इथेच आहे. आड हा दोष आहे हे आमच्या घरात सगळ्यांना पटत होतं. फुफी हा दोष आहे हे कुणालाच दिसत नव्हतं. म्हणजे फुफी दोष नव्हेत. त्यांना वगळून केलेला आमचा मालकी हक्क सदोष होता. आमच्या कायद्याप्रमाणे आजोबांनी डोळे मिटले त्या क्षणी चारही मुलांचे हिस्से ठरले. मुलाला दोन, मुलीला एक, एकूण सहा भाग. अब्बांचे दोन, चाचांचे दोन, प्रत्येक फुफीचा एक. मुलीला निम्मं का, हा वाद आपल्या व्यासपीठावर अनेकदा झालाय, पुढेही होईल, आणि माझं मत तुम्हाला माहीत आहे. इथे मुद्दा त्याच्याही आधीचा होता. जे निम्मं आहे तेही दिलं नव्हतं. घराचा एक तृतीयांश भाग आमचा नव्हताच, आणि आम्ही तो विकत होतो.

अब्बांनी जे मुद्दे काढले ते तुमच्याही घरात निघतील. कागदावर दोनच नावं आहेत. पण मिळकत पत्रिकेवरची किंवा सात-बारावरची नोंद मालकी निर्माण करत नाही, हे न्यायालयांनी पुन्हा पुन्हा सांगितलंय. तीस वर्षं झाली, आता कसला हक्क? सहमालकांपैकी एकाचा ताबा हा सगळ्यांच्या वतीने धरला जातो, नुसती वर्षं उलटली म्हणून बहिणीचा हिस्सा विरघळत नाही. लग्नात त्यांना दिलं होतं. लग्नात दिलं ते लग्नाचं, तो वारसा नव्हे. त्यांनी सोडून दिलंय, कधी मागितलं नाही. घराचा हिस्सा सोडायचा तर हक्कसोड पत्र करून दुय्यम निबंधकाकडे नोंदवावं लागतं. न मागणं म्हणजे सोडणं असं कुठेच लिहिलेलं नाही.

एजंटला फोन केला तर तो म्हणाला, ‘‘भाऊ, बँकेच्या वकिलाने तीस वर्षांचा शोध घेतलाय, काही निघालं नाही. कागदाबाहेरचं तुम्ही कशाला उकरता?’’ खरंच होतं, काही निघालं नव्हतं. निघणार कसं? वकील शोधतो नोंदवलेले दस्त. वारसा दस्ताने येत नाही, तो मरणाने येतो. तो शिक्षक, त्याची बँक, बँकेचा वकील, कुणालाही सर्वसाधारण काळजी घेऊन दोन बहिणी सापडल्या नसत्या. कलम ५५ मधली अट इतकी नेमकी पुरी होताना मी तरी दुसरीकडे पाहिलेली नाही.

आमच्या धंद्यात एक रीत आहे. सॉफ्टवेअरची नवी आवृत्ती बाहेर काढताना सोबत माहीत असलेल्या त्रुटींची यादी द्यायची. ‘अमुक वेळी हे बंद पडतं, आम्हाला माहीत आहे.’ यात कुणाला लाज वाटत नाही. ज्या त्रुटी आपल्यालाच सापडल्या नाहीत त्यांच्यावरून ग्राहक एकदा बोलतो, पण माहीत असून यादीत न घातलेली त्रुटी निघाली तर करारच मोडतो. मी रोज ही यादी लिहितो. घराची लिहायला मला तीन आठवडे लागले.

पुढचं थोडक्यात सांगतो, कारण ते कंटाळवाणं होतं. थोरल्या फुफी २०१६ मध्ये वारल्या. त्यांच्या एका भागाचे आता चार वारस : नवरा आणि तीन मुलं. एक मुलगा आखातात. धाकट्या फुफी मिरजेला असतात, मी त्यांच्याकडे गेलो. सगळं सांगितलं, मसुदाही दाखवला. मला आतून खात्री होती की त्या म्हणतील, राहू दे बेटा, भावाला दुखवायचं नाही. मी ते ऐकायला तयार होऊन गेलो होतो, कदाचित ते ऐकायलाच गेलो होतो. त्या बराच वेळ मसुद्याकडे बघत राहिल्या आणि म्हणाल्या, ‘‘मैं लूँगी. तीस बरस में किसी ने पूछा नहीं, इसलिए बोली नहीं.’’

मग मी त्या शिक्षकाला भेटलो आणि दोन्ही गोष्टी सांगितल्या. आडाचं आणि वारसांचं. विसार परत हवा असेल तर उद्याच देतो म्हणालो. तो चिडला. हे आधी का नाही सांगितलं, असं विचारलं. त्याचं बरोबर होतं, आणि मी तीन आठवड्यांचंही सांगितलं. दोन दिवसांनी त्याने कळवलं, घर घेतो, पण आडासाठी किंमत कमी करा आणि सगळ्यांच्या सह्या दाखवा. एका स्थापत्य अभियंत्याला बोलावलं. खोली पाडून, भराव काढून, खालपासून घट्ट भरून पुन्हा बांधायचा अंदाज घेतला. किंमत ४८ वरून ४५ लाखांवर आली. आखातातल्या मुलाचं कुलमुखत्यारपत्र यायला वेळ लागला, मिळकत पत्रिकेवर नावं चढवायला त्याहून जास्त. एकूण पाच महिने गेले. त्या काळात शिक्षकाने भाडं भरलं, त्यातलं तीन महिन्यांचं आम्ही दिलं.

४५ लाखांचे सहा भाग, प्रत्येकी साडेसात लाख. अब्बांना १५ लाख मिळाले. अपेक्षा होती २४ ची. माझं फ्लॅटचं कर्ज आणखी सहा वर्षं चालेल. चाचांनी सही केली, पण गेल्या दोन ईदला ते आमच्याकडे आलेले नाहीत. अब्बा या विषयावर बोलत नाहीत. पण खरेदीखताच्या दिवशी दुय्यम निबंधक कार्यालयात अंगठ्याचे ठसे घेताना धाकट्या फुफींचं नाव पुकारलं, तेव्हा खुर्ची ओढून त्यांना बसायला दिली ती अब्बांनीच.

जाता जाता त्याच कलमातली आणखी एक ओळ. घेणाऱ्यावरही एक जबाबदारी आहे. विकणाऱ्याच्या हक्काचं स्वरूप किंवा व्याप्ती घेणाऱ्याला माहीत आहे, विकणाऱ्याला नाही, आणि त्यामुळे त्या हक्काची किंमत बरीच वाढते, तर घेणाऱ्याने ते सांगायचं. आता असा भाऊ डोळ्यांसमोर आणा जो बहिणीचा हिस्सा विकत घेतोय आणि तिला ठाऊकच नाही की घरामागची मोकळी जागाही वडिलांचीच होती. त्याला ठाऊक आहे. तिथेही गप्प बसणं कपटच आहे.

मागच्या आठवड्यात निरोप दिला होता की ज्यांना जमेल त्यांनी आपल्या घराच्या मिळकत पत्रिकेची किंवा सात-बाराची प्रत घेऊन या. अकरा-बारा जणांच्या हातात कागद दिसतायत. चहा आलाय. आधी आपल्या आजी-आजोबांच्या सगळ्या मुलांची नावं, मुलींसकट, कोऱ्या कागदावर लिहा. लग्न होऊन दूर गेलेल्या, वारलेल्या, सगळ्या. मग तो कागद पत्रिकेशेजारी ठेवा आणि जी नावं जुळत नाहीत त्यांच्यावर खूण करा. अर्ध्या तासात वकीलताई येतायत. खुणा केलेले कागद घेऊन त्यांच्याकडे बसू.